नदीकडे जाणारी ट्रॉली

त्या दिवशी बाजारातून परतताना भावाचा ट्रॅक्टर महसूल खात्याच्या लोकांनी अडवला. ट्रॉलीत वाळू होती. त्यांनी पंचनामा केला. भावाने सही केली. त्यांनी ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात नेऊन उभा केला आणि भाऊ पायी घरी आला.

मी तेव्हा नदीपलीकडे, गोंडपिपरीच्या बाजूला एका शाळेत शिकवत होते. मला हे तिसऱ्या दिवशी कळलं. शाळेसमोरच्या एसटीडीवाल्याने वर्गाच्या दाराशी येऊन सांगितलं, "बाई, तुमच्या गावाहून फोन होता. ट्रॅक्टर पकडला म्हणे." मुलांचा पाढा चालू होता. तो पुरा झाल्यावर मी रजेचा अर्ज लिहिला.

आमचं घर ढिवरांचं. पावसाळ्यात तलावातली आणि नदीतली मासोळी, आणि पाणी ओसरलं की डांगरवाडी. हिवाळा लागला की वैनगंगा एका काठाला सरकते आणि पात्रात वाळूचे पट्टे उघडे पडतात. त्या वाळूत नाल्या खोदायच्या, शेणखत भरायचं आणि टरबूज, डांगर, काकडी लावायची. हिवाळा सरताना, मार्कंड्याच्या जत्रेच्या सुमाराला पहिली फळं निघतात आणि मग उन्हाळाभर बाजार.

फळं नेताना दुसरे लोक ट्रॉलीत तणस, म्हणजे भाताचा पेंढा, घालतात. आमचे बाबा बैलगाडीच्या काळापासून ओली वाळू घालत आले. वीतभर थर, त्यावर फळं. उन्हात फळ थंड राहतं, गचक्यांनी फुटत नाही, आणि गिऱ्हाइकाने हात लावला तर आत्ताच वेलीवरून काढल्यासारखं लागतं. विकून झाल्यावर मात्र ती वाळू वाटेत टाकायची नाही. ती परत आणून, जिथून काढली त्याच पट्ट्यात पसरायची. ज्या वाळूने फळ दिलं ती लोकांच्या पायाखाली गेली तर पुढल्या साली वेल धरत नाही, असं बाबा म्हणत. मला ते पटत नसे. भाऊ मात्र पटवून घेण्याच्या भानगडीत कधी पडला नाही. बाबा गेले, बैल गेले, ट्रॅक्टर आला, तरी वाळू बाजारात जायची आणि संध्याकाळच्या आत परत नदीत यायची.

मी घरी पोचले तेव्हा भाऊ अंगणात जाळं विणत बसला होता. मला बघून हसला.

"आली का मास्तरीण? चहा ठेव वो," तो वहिनीला म्हणाला.

"काय झालं ते सांग आधी."

"काई नाई. साहेब होता, तलाठी होता, दोघं कोतवाल होते. साहेबानं इचारलं, वाळू कुठी नेऊन राह्यला? म्या म्हटलं, नदीवर."

"मग?"

"मग हासले ना सबन. तलाठी म्हणे, साहेब, हा तर नदीले आहेर घेऊन चालला. म्या बी हासलो. म्हटलं, समजलं यायले."

"आणि सही?"

"लिवणं झालं, मंग सही कर म्हणले. केली. तूच तर शिकवली सही." त्याने सुई दातात धरली आणि गाठ ओढली. "चांगली आली त्या दिवशी. पुरं नाव एका दमात."

आमच्याकडच्या माणसाला साहेब आपल्याबरोबर हसला की काम झालं असं वाटतं. रागावला असता तर भावाने हात जोडले असते, गावातल्या चार माणसांना बोलावलं असतं, काही तरी केलं असतं. ते हसले, म्हणून त्याने सही केली.

दुसऱ्या दिवशी मी तहसीलमध्ये नकलेसाठी अर्ज केला. पंचनाम्याची नक्कल मिळायला आठ दिवस लागले. पंचनामा एका पानाचा होता. त्यात लिहिलं होतं की सदर वाहन नदीपात्राकडून तालुक्याच्या गावाकडे जात असताना आढळलं. ट्रॉलीत अंदाजे एक ब्रास वाळू मिळाली. ब्रास हे वाळूचं माप. एक ब्रास म्हणजे आमच्या ट्रॉलीत काठोकाठ. पण तलाठी कामाचा पक्का होता. ट्रॉलीत जे जे दिसलं ते त्याने ओळीने लिहून ठेवलं होतं: तराजू एक, वजनं, रिकामे गोणपाट चार, फुटलेली टरबुजं दोन.

ती ओळ वाचून मला आनंद झाला. बाजाराला निघालेला माणूस चार रिकामी गोणपाटं आणि दोन फुटकी टरबुजं घेऊन निघत नाही. त्यांनी दिशा उलटी लिहिली होती आणि सामान खरं लिहिलं होतं. मी तीन पानी खुलासा लिहिला. वाळू का घालतात, परत का नेतात, ट्रॉलीचं तोंड कुठे होतं, सामानाच्या यादीवरून काय दिसतं. दोनदा कच्चा लिहिला, मग पक्का. भाषेकडे फार लक्ष दिलं. आता वाटतं, जरुरीपेक्षा जास्तच दिलं.

सुनावणी त्याच नायब तहसीलदारासमोर होती, ज्याने ट्रॅक्टर धरला होता. माझ्याहून चार-पाच वर्षांनीच मोठा असेल. बारीक मिशी, खिशाला दोन पेनं. त्याने माझा खुलासा हातात घेतला आणि खोलीतल्या कारकुनांना मोठ्याने वाचून दाखवला.

"ऐका हो, ऐका. 'नदीने दिलेली वाळू नदीस परत करणे हा आमच्या घराचा रिवाज आहे.' वा! उद्या हे लोक समुद्रात मीठ नेऊन टाकतील." कारकून हसले. मग तो माझ्याकडे वळला. "मॅडम, तुम्ही गोष्टी लिहा. मासिकाला पाठवा. इथं कशाला वाया घालवता?"

भाऊ माझ्याशेजारी उभा होता. कारकून हसले तसा तोही हसला, सवयीने.

मला भांडता येत नाही, कधीच आलं नाही. मी त्याच्या टेबलावरची पाटी वाचली, भिंतीवरचं कॅलेंडर वाचलं. मग मनात ठरवलं की ह्या माणसाला मी सोडणार नाही. हे मी थंड डोक्याने ठरवलं आणि पुढची कित्येक वर्षं ते पाळलं. त्याच्याविषयी मी इथे नीट लिहिणार आहे, पण कनवाळूपणे लिहिणार नाही.

आदेश आला. दंड लावला होता. दंड भरा, बंधपत्र द्या, गाडी घेऊन जा.

भावाने मला विचारलं, "भरून टाकू ना मास्तरीण. दोन-चार जणायकडून जमवतो. डांगरवाडी काऊन अडवून ठेवायची?"

"दंड भरला म्हणजे चोरी कबूल केल्यासारखं होतं."

"कबूल म्हंजे का? मी काई त्या कागदानं चोर होऊन जात नाई."

"होतोस," मी म्हणाले.

त्याने मान हलवली. कागदाचं सगळं माझ्याकडे होतं. रेशनकार्डापासून सात-बारापर्यंत घरातला प्रत्येक कागद मी सांगेन तसा चालायचा. मला शिकवायला तो स्वतः चौथीतून निघाला होता आणि लिहिणं-वाचणं विसरून गेला होता.

गडचिरोलीला मी एक वकील गाठले. म्हातारे होते, पान खायचे, अशील बोलत असताना डोळे मिटून ऐकायचे. माझं सगळं ऐकून झाल्यावर त्यांनी डोळे उघडले. "वाळू कुठून कुठं चालली होती, ते नंतर पाहू. आधी हे सांगा, गाडी कोणत्या अधिकारात धरली? कायद्यात वाळू जप्त करायची सोय आहे. गाडी जप्त करायची कुठाय?" त्यांनी महसूल संहितेचं पुस्तक माझ्यासमोर सरकवलं. ते कलम मी त्यांच्यासमोरच चारदा वाचलं. खरंच नव्हती.

मग ते म्हणाले, "बाई, एक करा. हरकत नोंदवून दंड भरा. गाडी सोडवा. भांडण मागाहून चालू द्या. जिंकलो तर पैसे परत मिळतील. उभी गाडी म्हणजे सडती गाडी."

हे वाक्य मी घरी सांगितलं नाही.

कारण हे होतं. तहसीलचं आवार लहान होतं. ट्रॅक्टर फाटकाच्या आत, चिंचेखाली उभा होता. त्या माणसाला रोज ऑफिसात येताना-जाताना तो ओलांडून जावं लागे. मला तो तिथेच हवा होता. निकाल लागेल त्या दिवशी सगळ्या तालुक्यासमोर त्याच्याच हाताने सोडायला लावायचा, असं चित्र माझ्या डोळ्यासमोर होतं आणि मी त्या चित्राला फार जीव लावला होता. मी वकिलांना म्हणाले, भावाची दंड भरायची तयारी नाही. ते डोळे मिटून म्हणाले, "बरं."

प्रांताकडे अपील केलं, ते फेटाळलं गेलं. मग नागपूरला उच्च न्यायालयात अर्ज गेला. तारखा पडू लागल्या. एक पावसाळा गेला.

भाऊ बाजाराच्या दिवशी आवारात जायचा. फडक्याने बोनेट पुसायचा, टायर दाबून बघायचा, सीटवर थोडा वेळ बसायचा. चौकीदार त्याला अडवत नसे. चहाच्या टपरीवरचे लोक चिडवायचे.

"का हो भाऊ, हापिसात लागला का तू? दर बाजाराले हजर!"

"लागलो ना. ड्रायव्हर म्हणून घेतलं. गाडी तेवढी हालत नाई."

त्या साली त्याने डांगरवाडी लावली, पण फळं न्यायला भाड्याची गाडी वेळेवर मिळेना. अर्धा माल वाडीतच फुटला. मी सुटीत आले तेव्हा वाळूवर फुटक्या टरबुजांचे लाल ढीग होते आणि गाई खात होत्या. भाऊ म्हणाला, "गाईची चैन झाली यंदा." दुसऱ्या साली त्याने वाडी लावलीच नाही. गावातल्या आठ-दहा जणांबरोबर दक्षिणेकडच्या जंगलात बांबू तोडायला गेला. तिथे दोन महिने राहिला. ताप घेऊन परत आला.

आमच्याकडे ताप म्हणजे हिवताप, आणि हिवताप सगळ्यांनाच येतो, म्हणून त्याने दोन दिवस अंगावर काढला. तिसऱ्या दिवशी तो माणसं ओळखेना. गडचिरोलीच्या दवाखान्यात डॉक्टरांनी सांगितलं की ताप मेंदूत गेला आहे. मी पोचले तेव्हा तो थोडा शुद्धीवर होता.

"तारीख कदी हाय?" त्याने विचारलं.

"पुढच्या महिन्यात."

"तवरीक टायर कुजून जाईल," तो म्हणाला.

त्यानंतर तो समजेल असं काही बोलला नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी गेला.

निकाल पुढच्या महिन्यातच लागला. गाडी जप्त करण्याचा अधिकार नव्हता. पंचनाम्यातली दिशा आणि पंचनाम्यातलं सामान एकमेकांशी जुळत नाही. जप्त केलेल्या सर्व वस्तू अर्जदाराला परत कराव्यात. अर्जदार मयत असल्याने पुढचे कागद वहिनीच्या नावाने झाले आणि वहिनीने मला अधिकारपत्र लिहून दिलं. तिने विचारलं नाही, मी सांगितलं तिथे तिने अंगठा लावला.

आदेश घेऊन मी तहसीलमध्ये गेले. तोच माणूस होता. त्याने मला खुर्ची दिली. आधीच्या वेळी दिली नव्हती.

"ऐकलं मी भावाचं," तो म्हणाला. "वाईट झालं. या, सही करा, गाडी घेऊन जा."

मी पावती वाचली. त्यावर लिहिलं होतं: ट्रॅक्टर व ट्रॉली मिळाली.

"बाकीचं सामान?" मी विचारलं.

"कोणतं?"

मी पंचनाम्याची नक्कल टेबलावर ठेवली. "तराजू. वजनं. गोणपाट चार. वाळू एक ब्रास. टरबुजं मी सोडून देते."

तो हसला. जुन्या हसण्यासारखं सुरू झालं, पण मधेच थांबलं. तराजू आणि वजनं कोठीत सापडली. गोणपाटं नव्हती, ती पण मी सोडली.

"वाळू," मी म्हणाले.

"मॅडम, वीतभर थर होता तो. आता कुठून आणू?"

"तुम्ही एक ब्रास लिहिलंय. ही सही तुमची आहे."

त्याने शिपायाला हाक मारली, कारकुनाला बोलावलं. ट्रॉली तर रिकामी उभी होती. वाळू कुठे गेली, असं त्याने विचारलं. शेवटी शिपाई खाली बघून म्हणाला, "साहेब, ते मागं संडासाचं बांधकाम झालं ना. मिस्त्रीनं तीच घेतली."

खोलीत कोणी हसलं नाही. मी त्याच्याकडे बघत होते. कान लाल होताना मी पाहिले. आजही लिहिताना मला ते कान दिसतात आणि मला गोड वाटतं.

"मॅडम, संध्याकाळपर्यंत एक ट्रॉली वाळू तुमच्या घरी पाठवतो," तो हळू आवाजात म्हणाला. "विषय संपवा."

"कोणत्या वाळूघाटातून? रॉयल्टी भरल्याचा पास आहे?"

"बाई, तुम्ही..." तो थांबला. "तुम्हाला हवंय काय?"

"जे झालं ते लिहून द्या. जप्त वाळू कार्यालयाच्या बांधकामात वापरली, परत करता येत नाही. तुमच्या अक्षरात. खाली सही, तारीख."

त्याने नाही म्हटलं. मी उठले नाही. माझ्याकडे एक पुस्तक होतं, ते काढून वाचत बसले. लोक येत होते, दाखले घेत होते, मला वळसा घालून जात होते. जेवणाची सुटी झाली, संपली. चार वाजता त्याने कागद ओढला आणि लिहिलं. मी तो वाचला, एक शब्द गाळला होता तो घालायला लावला आणि मग ट्रॅक्टरच्या पावतीवर सही केली.

गाडी चालू होईना. दुसऱ्या ट्रॅक्टरला साखळीने बांधून ती गावात आणली. लोक बघायला जमले. वहिनी दारातून बाहेर आली नाही. मी आत गेले तेव्हा ती मासोळी साफ करत बसली होती. तिने मान वर केली नाही.

"बाई, हा कोणासाठी आणला?" तिने विचारलं.

त्या कागदावर मी तक्रार केली. आधी जिल्ह्याला, मग विभागीय आयुक्तांकडे, मग पुन्हा जिल्ह्याला. चौकशी लागली. शनिवार-रविवार बघून आणि रजा काढून मी प्रत्येक सुनावणीला गेले. माझी साक्ष झाली त्या दिवसानंतर मला बोलवायची कोणाला गरज नव्हती, तरी मी गेले आणि बाहेरच्या बाकावर बसले. त्याने बाहेर पडताना मला पाहावं एवढंच माझं काम होतं. तो दर वेळी पाहायचा. दोन पेनं एक झाली. मिशी पांढरी झाली. त्याच्या मागून नोकरीला लागलेले लोक तहसीलदार झाले आणि तो होता तिथेच राहिला. एकदा बाकाजवळ थांबून म्हणाला, "मॅडम, माझ्या मुलीचं लग्न ठरलंय. आता पुरे करा." मी पुस्तकातून मान वर काढली आणि त्याला म्हणाले, "तुम्ही गोष्टी लिहा. मासिकाला पाठवा." हे वाक्य मी कित्येक वर्षं जवळ ठेवलं होतं.

निकालात त्याच्या दोन वेतनवाढी गेल्या. एवढंच. मला अधिक हवं होतं.

ते सांगायला मी वहिनीकडे गेले. ती बाजारातून नुकतीच आली होती, टोपली धूत होती. मी आदेश वाचून दाखवला, सोपा करून सांगितला. तिने टोपली भिंतीला उभी केली.

"झालं ना बाई तुमच्या मनासारखं?"

"त्याला शिक्षा झाली, वहिनी."

"मागच्या साली वकीलसाहेब भेटले होते, मार्कंड्याच्या जत्रेत. देवाले आले होते. ते म्हणे, पैसे भरून गाडी पयलेच सोडवता येत होती. भांडण मंग बी चाललं असतं." ती हात पुसत होती. "तुमचा भाऊ तयार नव्हता म्हणे. तुमचा भाऊ कदी तयार नव्हता, बाई? मले सांगा. तुम्ही म्हणलं अन् तो नाई म्हणला, असं कदी झालं?"

मी म्हणाले की त्या वेळी मला वाटलं होतं... मी इतकी वाचलेली बाई, मला वाक्य पुरं करता आलं नाही.

"एक साल आधी गाडी आली असती तर तो बांबूले गेला असता का?" तिने विचारलं. उत्तराची वाट न पाहता ती आत गेली आणि दार लोटून घेतलं.

त्या माणसाला मी माफ केलेलं नाही. त्याने दिशा उलटी लिहिली, आणि ती एक ओळ सरळ असती तर पुढचं काहीच झालं नसतं. हे खरं आहे आणि मी ते मरेपर्यंत म्हणेन. माझ्या वाट्याचं काय, ते लिहायला मी अनेकदा बसले. दर वेळी त्याचे लाल कान आठवतात, मला बरं वाटतं, आणि मी वही मिटते. आज मिटली नाही, म्हणून एवढं लिहून झालं.

डांगरवाडी आता आमच्या घरात कोणी करत नाही. ट्रॅक्टर वहिनीच्या घरामागे उभा आहे, इंजिन जाम झालं आहे, आणि ती तो विकू देत नाही. तो माणूस निवृत्त झाला. आदेश, नकला आणि त्याच्या अक्षरातला तो कागद माझ्या कपाटात आहेत. वहिनी माझ्या घरी येत नाही.